पेटीतला एकतिसावा खेळ

श्रोतेहो, आज बोलायचं आहे ते एका खेळण्याविषयी. हाताच्या पंजावर मावेल अशी एक करड्या रंगाची पेटी. ती टीव्हीला जोडायची, खटक्यांची पट्टी हातात घ्यायची आणि पडद्यावरच्या बाहुल्याला पळवायचं, उड्या मारायला लावायचं. जपानातल्या निन्टेंडो नावाच्या कंपनीनं २०१६ च्या नोव्हेंबरात ही पेटी बाजारात आणली. पेटी दिसायला नवी, पण तिच्या पोटातले खेळ पंचवीस-तीस वर्षांपूर्वीचे. असे तीस खेळ तिच्यात भरलेले होते. तीस म्हणजे तीस. एकतिसावा घालायला पेटीला ना फट, ना दार. आणि तरीही दोन-अडीच महिन्यांच्या आत एका माणसानं तो एकतिसावा खेळ तिच्यात घालून दाखवला.

कुणी म्हणेल, पोरांच्या खेळण्याची ही गोष्ट. हिच्यात इतिहास कसला? पण जरा थांबा. आपण दाम मोजून एखादी बंद पेटी घरी आणली, तर तिच्यात आपल्या गरजेची भर घालावी की नाही? घालायची तर कशाची, आणि कोणत्या हक्कानं? हा प्रश्न खेळण्यापुरता नाही. पंप असो, ट्रॅक्टर असो, खिशातला फोन असो, प्रत्येक यंत्राच्या बाबतीत तो आपल्यापुढे येतो. आणि सातारा-सांगलीकडच्या माणसांना तर तो मुळीच नवा नाही. शंभराहून अधिक वर्षांपूर्वी आपल्याच भागात तो मोठ्या गांभीर्यानं विचारला गेला होता. फक्त ती पेटी खेळाची नव्हती, सुरांची होती. म्हणून आधी त्या पेटीची हकिकत सांगतो, मग खेळाच्या पेटीकडे वळू.

बाजाच्या पेटीला, म्हणजे हार्मोनियमला, आपण नुसतं ‘पेटी’च म्हणतो. हे वाद्य मूळचं फ्रान्सचं. १८४० च्या दशकात ते पॅरिसमध्ये घडलं, पुढे हिंदुस्थानात आलं, आणि इथल्या कारागिरांनी पायानं भाता मारायच्या पेटीची हातानं भाता मारायची पेटी केली. ही पहिली भर! कारण आपला वादक खुर्चीवर नाही, बैठकीवर बसतो. भजनात, कीर्तनात, नाटकात पेटी शिरली. ज्या सांगलीत विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणलं, त्या सांगलीत संगीत नाटक आणि पेटी यांचं नातं वेगळं सांगायला नको.

पण या परदेशी पेटीत एक अडचण होती. सा पासून वरच्या सा पर्यंत तिच्यात बाराच स्वर. तेही युरोपच्या सोयीनं समान अंतरावर बसवलेले. आपल्या शास्त्रात एका सप्तकाच्या बावीस श्रुती सांगितल्या आहेत. एका रागातला कोमल गंधार आणि दुसऱ्या रागातला कोमल गंधार यांत सुईच्या अग्राएवढा फरक असतो. गवई तो गळ्यातून काढतो, सतारीवर तार ओढून काढता येतो. पेटीची पट्टी मात्र एकदा ठरला तो एकच सूर देते. तिला ओढता येत नाही.

सांगलीचे कृष्णाजी बल्लाळ देवल हे निवृत्त डेप्युटी कलेक्टर. ‘शारदा’ नाटकाचे कर्ते गोविंद बल्लाळ देवल यांचे ते बंधू. कृष्णाजीपंतांनी या प्रश्नाचा पिच्छा पुरवला. किराणा घराण्याचे थोर गायक अब्दुल करीम खाँ यांच्या गळ्यातले स्वर त्यांनी मोजमापाला घेतले. खाँसाहेबांचं पुढलं आयुष्य मिरजेशी जोडलेलं राहिलं आणि १९३७ साली निधन झाल्यावर त्यांचं दफनही मिरजेतच झालं, हे आपल्याला ठाऊकच आहे. देवलांनी आपलं मोजमाप १९१० साली इंग्रजी पुस्तकाच्या रूपानं प्रसिद्ध केलं. त्यांना जोड मिळाली ती इलाख्याच्या नोकरीतले इंग्रज अधिकारी अर्नेस्ट क्लेमेंट्स यांची. दोघांच्या खटपटीतून नेहमीच्या बारांहून अधिक स्वर देणारी श्रुतींची हार्मोनियम विलायतेहून तयार करवून घेण्यात आली.

म्हणजे काय झालं, पाहा. कारखान्यानं बारा स्वर देऊन पेटी बंद केली होती. आपल्या माणसानं म्हटलं, आम्हांला एवढ्यानं भागत नाही. जास्तीचे स्वर आम्ही मोजून देतो, ते हिच्यात बसवा.

या उद्योगाला यश आलं का? सरळ सांगायचं तर, तेव्हा आलं नाही. १९१६ साली बडोद्याला पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भरली. तिथे देवल आणि क्लेमेंट्स यांचं म्हणणं मांडलं गेलं, पण जमलेल्या गवयांना आणि पंडितांना ते पटलं नाही. स्वर मोजून खिळ्यासारखा ठोकून बसवता येतो का, हाच वाद होता. साधी बारा स्वरांची पेटीच घरोघर राहिली. पुढे १९४० साली रेडिओनं तिच्यावर बंदी घातली. १९६३ साली सांगलीला आकाशवाणीचं केंद्र सुरू झालं, तेव्हाही ती बंदी उठलेली नव्हती. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला ती सैल झाली. देवलांची कल्पना मात्र मेली नाही. अलीकडच्या काळात डॉ. विद्याधर ओक यांनी बावीस श्रुतींची हार्मोनियम पुन्हा नव्यानं सिद्ध केली.

या हकिकतीतून एकच गोष्ट गाठीला बांधू. देवलांनी पेटीत भर घालायची म्हटली, तेव्हा आकडा वाढवायचा म्हणून नाही. बाराचे बावीस का हवेत, याचं त्यांच्याजवळ कारण होतं, आणि कारणामागे वर्षांची मेहनत होती. हा मुद्दा आपल्याला पुढे लागणार आहे.

आता खेळाच्या पेटीकडे येऊ. निन्टेंडो ही कंपनी १८८९ साली जपानातल्या क्योतो शहरात निघाली, आणि तिचा पहिला धंदा होता पत्त्यांचा! फुलांची चित्रं काढलेले हातानं बनवलेले पत्ते ती विकत असे. पत्त्यांचा एक गुण आपण सगळे जाणतो. जोड एकच, पण तिच्यावर बदाम सात खेळा, झब्बू खेळा, नाहीतर मेंढीकोट खेळा. सामान एक, खेळ अनेक. जवळजवळ शंभर वर्षांनी, १५ जुलै १९८३ रोजी, या कंपनीनं टीव्हीवरच्या खेळांची जी पेटी जपानात विकायला काढली तिचं मर्मही तेच होतं. तिचं नाव ‘फॅमिकॉम’. किंमत १४,८०० येन.

या पेटीत खेळ नव्हताच. हे नीट समजून घेतलं पाहिजे. पेटी म्हणजे जातं. खेळ म्हणजे दाणे. ज्वारी घाला, ज्वारीचं पीठ पडेल. गहू घाला, गव्हाचं. दाणे ज्या डबीत भरलेले असत तिला आपण ‘कॅसेट’ म्हणत आलो. तिच्यात फीत नसे, छोट्या पट्टीवर बसवलेल्या चिप असत. कॅसेट वरून खोचली की पेटीतला मेंदू तिच्यातल्या सूचना वाचू लागे. त्या मेंदूची स्वतःची कामचलाऊ स्मृती केवढी? दोन किलोबाईट, म्हणजे २,०४८ बाईट. शिक्षक मित्रांनी मुलांना हे गणित जरूर घालावं : इंग्रजीतलं एक अक्षर लिहायला साधारण एक बाईट लागतो, तर दोन किलोबाईटमध्ये वहीचं एखादं-दुसरं पान मावेल. एवढ्या पाटीवर ही पेटी आकडेमोड करी. १९८५ साली निघालेला ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ हा जगप्रसिद्ध खेळ सगळा मिळून ४० किलोबाईटचा. आज फोनवर आलेला सकाळच्या शुभेच्छांचा एक फोटो याहून मोठा असतो.

पेटीला एका वेळी ठरावीक लांबीचीच कॅसेट वाचता येत असे. मग मोठे खेळ कसे बसवले? तर कॅसेटच्या आत फडताळाचे खण करावेत तसे खण केले. लागेल तो खण पुढे सरकवायचा, बाकीचे मागे ठेवायचे. हे सरकवण्याचं काम कॅसेटमधलीच एक वेगळी चिप करी. १९८८ साली आलेला मारिओचा तिसरा खेळ याच युक्तीनं ३८४ किलोबाईटपर्यंत गेला. म्हणजे पेटी तीच, पण तिची ताकद कॅसेट वाढवत गेली. पेटीत भर घालण्याची वाट तिच्या कर्त्यांनीच उघडी ठेवली होती. जगभर ही पेटी सहा कोटींहून अधिक खपली.

आपल्याकडे काय आलं? आपल्या तालुक्याच्या गावांतून १९९० च्या दशकात जे ‘व्हिडिओ गेम’ किंवा ‘टीव्ही गेम’ म्हणून विकलं गेलं, ते बहुतेक या जपानी पेटीच्या नकलेचं सामान होतं. तैवान-चीनकडच्या कारखान्यांतून अशा नकला दुनियाभर गेल्या. रशियात १९९२ साली हीच नक्कल ‘डेंडी’ नावानं आली आणि तिथली एक पिढी तिच्यावर वाढली. जपानी पेटीला नकली कॅसेट ओळखणारं कुलूप नव्हतं, त्यामुळे नकलेचं काम सोपं झालं. आपल्याकडची मुलं खटक्यांच्या पट्टीला ‘रिमोट’ म्हणत. उन्हाळ्याच्या सुट्टीत आते-मामेभावंडं जमली की एका रिमोटवरून भांडणं ठरलेली. कॅसेट लागली नाही की काढायची, तोंडानं फुंकर मारायची आणि परत खोचायची. खरं तर फुंकरीतल्या ओलाव्यानं धातूचे दात गंजतात. गेम लागे तो पुन्हा नीट खोचल्यामुळे. पण फुंकरीवरचा विश्वास जगभरच्या मुलांचा सारखाच होता.

त्या कॅसेटांवर आकडे छापलेले असत. ‘६४ इन १’, ‘९९९ इन १’, आणि पुढे तर ‘९९९९९९९ इन १’. जवळजवळ एक कोटी खेळ! रोज शंभर खेळ खेळायचे म्हटले तरी जवळजवळ पावणेतीनशे वर्षं लागतील. आत प्रत्यक्षात काय असे? मोजके खेळ. बाकीच्या नावांवर तोच खेळ, कुठे दुसऱ्या टप्प्यापासून सुरू होणारा, कुठे नुसता रंग पालटलेला. यादी लांबलचक, माल मूठभर. पाण्याचा थेंब न टाकता दूध दुप्पट झाल्याचा हा चमत्कार! गंमत म्हणजे ही युक्ती अजून चालू आहे. आजही ‘४०० खेळ’ असं छापलेली, हातात मावणारी पेटी बाजारात आणि ऑनलाइन मिळते. तिच्या पोटातही त्याच जुन्या खेळांचा भरणा असतो.

म्हणून सांगतो, भर घालण्याची ही पहिली तऱ्हा : आकड्याची भर. तिनं विकणाऱ्याचं भलं होतं, खेळणाऱ्याचं नाही. तरीही त्या नकली पेटीचा एक उपकार मानलाच पाहिजे. मूळ जपानी वस्तू आपल्या घरी परवडण्यासारखी नव्हती. नकलेमुळे खेडोपाडीच्या मुलांच्या हातात पहिल्यांदा असं यंत्र आलं, जे दाबलं तसं वागतं. टीव्ही नुसता बघायचा असतो, ही समजूत त्या पेटीनं मोडली.

मग काळ बदलला. नव्या पेट्या आल्या, फोन आले, जुन्या पेट्या माळ्यावर गेल्या. ज्यांनी लहानपणी मारिओ खेळला ते आई-बाप झाले, आणि त्यांच्या आठवणींना बाजारात भाव आला. त्या भावावर नजर ठेवून कंपनीनं २०१६ ची ती चिमुकली पेटी काढली. अमेरिकेत तिची किंमत साठ डॉलरच्या आसपास होती. लोकांनी रांगा लावल्या, माल पुरेना. २०१७ च्या एप्रिलमध्ये कंपनीनं तिचं उत्पादन थांबवलं आणि लोकांची ओरड झाल्यावर २०१८ च्या जूनमध्ये ती पुन्हा बाजारात आणली. दरम्यान दुसऱ्या जुन्या पेटीची छोटी आवृत्ती निघाली, तिच्यात एकवीस खेळ. सोनी कंपनीनं २०१८ च्या डिसेंबरात वीस खेळांची काढली, सेगा कंपनीनं २०१९ साली बेचाळीस खेळांची.

या छोट्या पेटीत आणि जुन्या पेटीत एक मूलभूत फरक आहे. जुनी पेटी म्हणजे जातं, असं म्हटलं. नवी पेटी म्हणजे बहुरूपी! बहुरूपी दारात येतो तेव्हा पोलिसाचा वेश घेतो, पोलिसासारखं बोलतो, दम भरतो. पण आतला माणूस वेगळाच असतो. तसं या पेटीच्या आत जुनं यंत्र नाहीच. आत आहे एक लहानसा आजच्या काळचा संगणक, लिनक्स नावाच्या खुल्या प्रणालीवर चालणारा. जुन्या पेटीनं काय केलं असतं ते सगळं हुबेहूब वठवणारा एक प्रोग्रॅम तो चालवतो. खेळाला वाटतं, आपण १९८३ च्या यंत्रातच आहोत.

या संगणकाजवळ साठवणीची जागा आहे ५१२ मेगाबाईट. पुन्हा एकदा गणित करू. मारिओएवढे, चाळीस किलोबाईटचे खेळ ५१२ मेगाबाईटमध्ये किती बसतील? तेरा हजारांहून अधिक. बरीच जागा लिनक्सला आणि चित्रांना लागते, हे धरलं तरी तीस खेळ म्हणजे त्या जागेचा एक लहान कोपरा. म्हणजे घर भलं मोठं, पण भाडेकरू तीसच ठेवायचे आणि बाकीच्या खोल्यांना कुलूप घालायचं, असा हा प्रकार. लोकांच्या हे ध्यानात यायला वेळ लागला नाही. २०१७ च्या जानेवारीत रशियातल्या एका प्रोग्रॅमरनं ते कुलूप उघडणारं साधन सगळ्यांसाठी फुकट ठेवलं.

त्याची रीत थोडक्यात सांगतो. पेटीतली चिप कारखान्यात भरली जाते तेव्हा तिच्याकडे बाहेरून सूचना घेण्याचा एक मार्ग असतो. पेटीची तार संगणकाला जोडायची, ‘रिसेट’चं बटण दाबून धरायचं आणि मग वीज सुरू करायची, की पेटी त्या कारखान्यातल्या अवस्थेत जागी होते. मग पहिलं काम म्हणजे पेटीतला मूळ प्रोग्रॅम जसाच्या तसा उतरवून संगणकात जपून ठेवायचा. इंजिन खोलण्याआधी मिस्त्री नट-बोल्ट क्रमानं मांडून ठेवतो, तसंच हे. त्यानंतर थोडा बदल केलेला प्रोग्रॅम आत घालायचा आणि यादीत नवे खेळ त्यांच्या चित्रांसह जोडायचे. चुकलंच, तर जपून ठेवलेली मूळ प्रत परत बसवता येते. पेटीला डाग देणं नाही, पेचकस लावणं नाही.

इथपर्यंत विद्येची गोष्ट झाली. पण विद्येला मर्यादाही असते, हे एका उदाहरणानं सांगतो. आपल्याकडच्या नकली पेटीबरोबर प्लॅस्टिकची बंदूक येत असे आणि टीव्हीवरची बदकं मारायची असत. तो खेळ या छोट्या पेटीत नाही. कुणी हौसेनं तो आत घातला, तरी बंदूक चालणार नाही. कारण खटका ओढल्याबरोबर जुन्या काचेच्या टीव्हीचा पडदा क्षणभर काळा-पांढरा होई आणि बंदुकीतला डोळा तो उजेड टिपून नेम ठरवी. आजच्या सपाट टीव्हीवर चित्र थोडं उशिरा उमटतं, आणि तेही वेगळ्या रीतीनं. तो जुना हिशोब तिथे जुळत नाही. म्हणजे खेळाची प्रत आली, पण खेळ आला नाही. जत्रेतला पाळणा घरच्या तुळईला टांगला म्हणून जत्रा घरी येत नाही, तसं.

आता हक्काचा प्रश्न. पेटी माझी, मी तिच्यात काहीही घालीन, असं म्हणता येईल का? पेटी माझी आहे, हे खरं. पण खेळ लिहिणाऱ्याचा हक्क पेटीबरोबर विकला जात नाही; पुस्तक विकत घेतलं म्हणून ते छापून विकण्याचा हक्क मिळत नाही, तसंच. आपला कॉपीराइटचा कायदा १९५७ चा. १९८४ साली त्यात संगणकाच्या प्रोग्रॅमचाही समावेश झाला. ज्याच्याकडे प्रोग्रॅमची प्रत रीतसर आलेली आहे त्यानं ती हरवू नये, बिघडू नये म्हणून स्वतःपुरती राखीव प्रत काढायला या कायद्यात मुभा आहे. पण दुसऱ्याच्या खेळांची गठडी इंटरनेटवरून उतरवून पेटीत ओतायला मुभा नाही. आणि हक्कभंगाच्या हेतूनं कुलूप तोडणं हा २०१२ च्या दुरुस्तीनंतर गुन्हा आहे. १९८५ चा खेळ जुना वाटला तरी कायद्याच्या लेखी तो अजून मोकळा झालेला नाही.

ही भर घालण्याची दुसरी तऱ्हा : परक्या मालाची भर. हिच्याविषयी नुसतं ‘वाईट’ म्हणून मोकळं होता येत नाही, कारण दुसऱ्या बाजूलाही सत्य आहे. अमेरिकेत व्हिडिओ गेमच्या इतिहासाचं जतन करणाऱ्या एका संस्थेनं २०२३ साली पाहणी केली. २०१० पूर्वी तिथे निघालेल्या जुन्या खेळांपैकी शेकडा ८७ खेळ आज रीतसर विकत मिळतच नाहीत, असं तिला आढळलं. विकायला कुणी ठेवत नाही, आणि प्रत काढायला परवानगी नाही. चिपमधली अक्षरं हळूहळू पुसत जातात, कॅसेटचे दात गंजतात. ज्यांनी कुलपं उघडली त्यांच्यामुळेच पुष्कळ जुने खेळ आज शिल्लक आहेत, हे नाकारता येणार नाही. मोडीतली दप्तरं वाळवीनं खाल्ल्यावर हक्क कुणाचा, हे विचारून काय उपयोग? जतन करण्याची वाट कायद्यानंच, ग्रंथालयांच्या आणि संग्रहालयांच्या मार्फत, रुंद करून दिली पाहिजे. तोवर ज्यांच्याकडे जुन्या कॅसेटा, जुन्या पेट्या माळ्यावर पडल्या असतील त्यांनी त्या भंगारात घालू नयेत. ओल लागणार नाही अशा जागी, कागदात गुंडाळून ठेवाव्यात. आपल्या घरांच्या इतिहासाचा तोही एक कागद आहे.

आकड्याची भर झाली, परक्या मालाची भर झाली. तिसरी तऱ्हा उरते, आणि सांगायचं होतं ते हेच. ती म्हणजे स्वतःच्या मेहनतीची भर. देवलांनी पेटीत घालायला आणलेले स्वर कुठून उचललेले नव्हते. आपल्या गायकाच्या गळ्यातून, आपल्या कानानं मोजून आणलेले होते. खेळाच्या पेटीत तसं काही घालता येईल का? येईल. १९८३ च्या त्या यंत्रासाठी आजही हौशी लोक नवनवे खेळ लिहितात. त्यासाठी लागणारी साधनं इंटरनेटवर फुकट मिळतात आणि साध्या संगणकावर चालतात. असा खेळ लिहिणाऱ्याचाच असतो. तो छोट्या पेटीत घालायला कुणाची परवानगी लागत नाही.

मग कोणता खेळ लिहायचा? बाहेर शोधायला नको. आपल्याकडे नवकंकरी आहे. देवळाच्या ओट्यावर खडूनं, नाहीतर पारावर कोळशानं चौकटीत चौकट, तिच्यात चौकट काढायची. चोवीस घरं होतात. प्रत्येकाला नऊ-नऊ खडे. तीन खडे एका ओळीत आले की समोरच्याचा एक खडा उचलायचा. हाच खेळ युरोपातही शतकानुशतकं खेळला गेला. पण आपल्याकडच्या पुष्कळ मुलांना आज तो ठाऊक नाही. वाघ-शेळीची तीच गत.

शिक्षक मित्रहो, नवकंकरीचा डाव त्या जुन्या यंत्रात केवढ्या जागेत मावेल, याचा हिशोब फळ्यावर करून दाखवा. घरं चोवीस. प्रत्येक घराच्या अवस्था तीन : रिकामं, पांढरा खडा, काळा खडा. तीन अवस्था लिहायला दोन बिट पुरतात. चोवीस दुणे अठ्ठेचाळीस बिट. आठ बिटांचा एक बाईट, म्हणजे सारे सहा बाईट! यंत्राच्या पाटीवर जागा आहे २,०४८ बाईटची. सहा बाईटमध्ये आपल्या पणज्यांचा सगळा डाव मावतो. उरलेली जागा नियमांचा हिशोब ठेवायला आणि हातचं धरायला पुरून उरेल. सातवी-आठवीच्या मुलाला हे गणित समजतं, आणि संगणक आतून कसा विचार करतो याचा पहिला धडा त्याला खेळता खेळता मिळतो. शाळेत संगणक नसेल तरी अडत नाही. चौकोनी वहीवर घरं काढावीत आणि प्रत्येक घराखाली शून्य, एक, दोन लिहून डाव मांडावा. यंत्र याहून वेगळं काही करत नाही.

हे केल्यानं कुणी लक्षाधीश होणार नाही, आणि बडोद्याच्या परिषदेत देवलांचं झालं तसं, पहिल्या खेपेला कुणाला ते पटणारही नाही. पण त्यांचं मोजमाप वाया गेलं नाही. शंभर वर्षांनी कुणीतरी ते काम पुन्हा हाती घेतलंच. मेहनतीच्या भरीचं हे असं असतं. ‘९९९९९९९ इन १’ मधला एक कोटीवा खेळ मात्र कुणालाच सापडला नाही, कारण तो तिथे नव्हताच.

तेव्हा मंडळी, घरातल्या मुलानं उद्या विचारलं, की या पेटीत आणखी खेळ घालता येतील का, तर त्याला दटावू नका. त्याला तीन प्रश्न विचारा. पेटी आतून कशी चालते, हे तू समजून घेतलंस का? जो खेळ घालतोस तो कुणाच्या मेहनतीचा, आणि तुझ्याकडे तो कोणत्या हक्कानं आला? आणि तुझा स्वतःचा खेळ कोणता? तिसऱ्या प्रश्नाला उत्तर नसेल, तर त्याला ओट्यावर घेऊन बसा, खडूनं तीन चौकटी काढा आणि अठरा खडे वेचून आणायला सांगा. एकतिसावा खेळ तिथून सुरू होईल.